रॉबर्ट क्रंब, रेकॉर्डची कव्हरं आणि तबकड्यांचं वेड: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी पुण्यात पोस्टरं, बँडची कव्हरं, टीशर्टवरची चित्रं असली कामं करतो आणि कुणी बोलावलं की आर्टच्या पोरापोरींसमोर रॉबर्ट क्रंबवर तासभर बडबड करतो. शेवटी तेच ते प्रश्न येतात, कधी समोरासमोर, कधी रात्री साडेअकराला व्हॉट्सॅपवर, म्हणून एकदाचे लिहून टाकतोय. क्रम वगैरे काही नाही, जिथे मला बोलायचंय तिथे भरपूर बोललोय, बाकी ठिकाणी उरकलंय.

दादा, हा क्रंब नेमका कोण?

अमेरिकन कार्टूनिस्ट, जन्म 1943 चा, फिलाडेल्फियाचा. विशीत क्लीव्हलँडला एका ग्रीटिंग कार्डांच्या कंपनीत नोकरी करायचा, गुळगुळीत गोंडस चित्रं काढायचा. 1967 च्या सुरुवातीला सगळं टाकून सॅन फ्रान्सिस्कोला पळाला, आणि 1968 च्या फेब्रुवारीत त्याचा झॅप कॉमिक्सचा पहिला अंक आला जो हेट स्ट्रीटवर चक्क बाबागाडीत घालून विकला. अंडरग्राउंड कॉमिक्स, म्हणजे मोठ्या प्रकाशकांना टाळून काढलेली बंडखोर कॉमिक्स, ती चळवळ इथून पेटली. फ्रिट्झ नावाचं मांजर, मिस्टर नॅचरल नावाचा दाढीवाला बुवा, ही त्याचीच पात्रं. पण मी ज्याच्याबद्दल बोलतो तो क्रंब म्हणजे गाण्यासाठी चित्रं काढणारा क्रंब, आणि माझं स्पष्ट मत आहे की त्याचं सगळ्यात प्रेमाचं काम तिकडेच आहे, कॉमिक्समधे तो रागात असतो, कव्हरांमधे नसतो.

म्युझिकमधे शिरला कसा? ओळखीनं?

शेजारामुळे म्हणा हवं तर. त्या वेळी हेट ॲशबरी भागात कलाकार, बँडवाले, गांजेकस सगळे एकमेकांना धडकतच राहायचे. बिग ब्रदर अँड द होल्डिंग कंपनी नावाचा बँड होता, त्यात जॅनिस जॉप्लिन गायची. त्यांचा अल्बम कोलंबिया कंपनी काढणार होती, आधी ठरलेलं फोटोचं कव्हर बारगळलं, बँडमधल्यांना क्रंबची कॉमिक्स आवडायची, तर म्हणाले तू काढ. अल्बमचं नाव ‘चीप थ्रिल्स’, 1968 च्या ऑगस्टमधे आला. खरं नाव याहून लांब आणि चावट होतं, कंपनीनं पहिले दोन शब्द उडवले.

आता यातली गंमत अशी की क्रंबला हे असलं रॉक म्युझिक आवडायचंच नाही. जॅनिस माणूस म्हणून आवडायची, आवाजही, पण तिनं जुनी ब्लूज, म्हणजे अमेरिकेतल्या काळ्या लोकांची जुनी गाणी, नीट गावीत, किंचाळू नये, असं त्याचं म्हणणं. म्हणजे ज्या कव्हरनं तो जगभर पोचला ते त्याच्या नावडत्या गाण्यांचं कव्हर आहे.

त्या कव्हरवर एवढं काय आहे?

एकदा मोठं करून बघा, फोनवर नको. खऱ्या एलपीचं, म्हणजे मोठ्या तबकडीचं, कव्हर एक फूट बाय एक फूट असतं, त्या आकारात बघायची गोष्ट आहे ती.

सगळ्या कव्हरभर वेड्यावाकड्या आकाराच्या चौकटी. एका चौकटीत एक गाणं, एकात एक वादक. बॉल अँड चेन गाण्याच्या चौकटीत जॅनिस पायातली बेडी आणि लोखंडी गोळा ओढत चाललीय. टर्टल ब्लूजला कासव. म्हणजे शब्दाला शब्द, बालवाडीच्या पुस्तकासारखं, कासव म्हणजे कासव. एका कोपऱ्यात हेल्स एंजल्स या मोटारसायकलवाल्या टोळीची ‘मंजुरी’ असल्याचा शिक्का. गाण्यांची नावं, वादकांची नावं, कुठे रेकॉर्ड केलं, सगळं हातानं लिहिलेलं. म्हणजे गाण्यांची यादी जी एरवी पाठीमागे बारीक अक्षरात छापतात ती यादीच समोरचं चित्र झाली. का, तर हे चित्र त्यानं मागच्या बाजूसाठीच काढलं होतं! पुढच्या बाजूचं वेगळं केलं होतं, ते बाजूला पडलं आणि जॅनिसला मागचंच आवडलं, ती म्हणाली हेच पुढे लावा. ग्राफिक डिझाइनवाल्या पोरांना मी हे मुद्दाम सांगतो.

अजून दोन बारीक गोष्टी. एक, कव्हरवर लिहिलंय की यातलं लाइव्ह मटेरियल सॅन फ्रान्सिस्कोच्या फिलमोर ऑडिटोरियम या हॉलमधे रेकॉर्ड केलं, पण अल्बममधली बहुतेक गाणी स्टुडिओतली आहेत आणि वरून टाळ्या-शिट्ट्या चिकटवल्यात, थोडक्यात कव्हर थापा मारतंय. दोन, जिथे ‘आर्ट, आर. क्रंब’ असं लिहिलंय तिथे सुरुवातीच्या काही प्रतींमधे अक्षरांखाली पुसटसं ‘हॅरी कृष्णा’ असं दिसतं, अल्बममधून काढून टाकलेल्या एका ट्रॅकचं नाव, म्हणजे गाणं गेलं, चौकट उरली, मग तिथे चित्रकाराचं नाव घुसवलं. डेडलाइनला काम केलेल्या माणसाला हे वाचून बरं वाटतं.

एका रात्रीत काढलं हे खरं का?

हो, तसंच सांगतात, तोही तसंच सांगतो, रात्रभर जागून, आणि जागं राहायला चहा नव्हता घेतलेला एवढंच सांगतो. त्यावरून कृपया ‘आपणही रात्रभरात करू’ असं समजू नका. त्याआधी ग्रीटिंग कार्डांच्या नोकरीत त्यानं वर्षानुवर्षं रोज उठून चित्रं काढली होती आणि लहानपणी भावाच्या धाकानं घरात हातानं कॉमिक्सचे अंक बनवायचा. ती एक रात्र पंधरा वर्षांची होती.

पैसे किती मिळाले?

600 डॉलर. अल्बम बिलबोर्डच्या यादीत आठ आठवडे पहिल्या नंबरवर होता. मूळ चित्र कंपनीकडून त्याला परत मिळालंच नाही, ते पुढे भलत्याच कुणीतरी लिलावात हजारो डॉलरला विकलं.

मग पुढे कामाची रांग लागली असणार?

लागली, आणि यानं ती मोडली. रोलिंग स्टोन्सनी कव्हर काढशील का विचारलं तर नाही म्हणाला, कारण काय तर त्यांचं म्युझिक आवडत नाही. मला हे वाचून प्रत्येक वेळी पोटात गोळा येतो कारण मी माझ्या आयुष्यात वरातीच्या डीजेचे बॅनरसुद्धा केलेत.

मग आवडायचं काय त्याला?

1920 आणि 1930 च्या दशकातलं गाणं. काळ्या लोकांची ब्लूज, सुरुवातीचा जॅझ, डोंगराळ भागातल्या गोऱ्या शेतकऱ्यांचे फिडल-बँजोचे बँड, पुढे पॅरिसचं अ‍ॅकॉर्डियनवालं म्युझेत. आणि हे सगळं मूळ 78 आरपीएमच्या, म्हणजे मिनिटाला 78 फेरे घेणाऱ्या, जुन्या तबकड्यांवर. सोळा-सतरा वर्षांचा असताना डेलावेअरमधे काळ्या वस्तीत दारोदार फिरायचा, दार वाजवून विचारायचा, जुन्या रेकॉर्डी आहेत का, विकता का. लाजाळू, चष्मेवाला, हाडकुळा गोरा पोरगा. लोक पण द्यायचे, अडगळच होती ती त्यांच्या दृष्टीनं.

हे आपल्याला काही नवीन नाही हो. पुण्यात जुन्या बाजारात बुधवार-रविवार फिरणारे, मुंबईत चोर बाजारात फिरणारे काका तुम्ही पाहिले असतील, जे एका बालगंधर्वांच्या तबकडीसाठी गोणपाट पसरलेल्या माणसाशी अर्धा तास घासाघीस करतात, तबकडी उन्हात तिरकी धरून चरे बघतात, आणि घरी आल्यावर बायकोला किंमत निम्मी सांगतात. क्रंब तोच माणूस आहे, फक्त त्याला चित्र काढता येतं.

आणि एक खरंखुरं नातं आहे ते सांगतो. 78 ची तबकडी बनायची लाखेपासून. लाख म्हणजे तीच, बांगड्यांची आणि पार्सलाच्या सीलची. पळस, कुसुम, बोर या झाडांवर किडे ती सोडतात, जंगलातले लोक खरवडून गोळा करतात, छोटा नागपूर हा तिचा मोठा मुलूख, आपल्याकडे गोंदिया भागातही तिचा धंदा होता. दगडाची पूड, काजळी आणि ती एकत्र धरून ठेवायला लाख, अशी ती तबकडी. जगाला लाख पुरवणारा मुख्य देश हिंदुस्थान. म्हणजे मिसिसिपीतला एखादा ब्लूजवाला गायला, त्याचा आवाज उमटला तो बहुतेक आपल्याकडच्या जंगलातल्या किड्याच्या चिकावर. 1942 मधे युद्धामुळे लाखेची आवक आटली तर अमेरिकेत रेकॉर्ड कंपन्यांवर सरकारनं बंधनं घातली. मी हे बोलताना सांगितलं की मागच्या बाकावरचे पण फोन खाली ठेवतात.

रेकॉर्डींच्या बदल्यात चित्रं द्यायचा म्हणतात?

हो, आणि त्याच्या म्युझिकच्या करिअरचा हाच गाभा आहे. न्यूयॉर्कला निक पर्ल्स नावाचा एक पठ्ठ्या होता, तोही तबकडीवेडा. त्यानं 1960 च्या दशकाच्या शेवटी याझू रेकॉर्ड्स ही कंपनी काढली, जुन्या 78 वरची ब्लूज घेऊन एलपीवर पुन्हा काढायची. याला कव्हरं लागायची, क्रंबला तबकड्या लागायच्या. तू मला कव्हर दे, मी तुला दुर्मीळ रेकॉर्ड देतो. बलुतेदारीच म्हणा. न्हाव्यानं दाढी करावी आणि धान्याचं सूप न्यावं तसं.

पण यातली खरी भारी गोष्ट वेगळीच आहे. ती जुनी गाणी जेव्हा पहिल्यांदा बाजारात आली तेव्हा त्यांना कव्हर नव्हतंच! 78 ची तबकडी साध्या कागदी पिशवीत यायची, मधे गोल भोक, त्यातून लेबल दिसायचं, बस. आजोबांच्या पेटीत असतील तर काढून बघा. सचित्र कव्हराची पद्धत 1940 च्या आसपास ॲलेक्स स्टाइनवाइस या डिझायनरनं कोलंबिया कंपनीत असताना सुरू केली, आणि क्रंबची लाडकी मंडळी तर त्याआधीच गाऊन मोकळी झालेली, कित्येक मेलेलीही. म्हणजे ज्यांच्या गाण्याला कधी चेहराच मिळाला नव्हता त्यांना हा चाळीस-पन्नास वर्षांनी कव्हर काढून देत होता. त्याच्या काळातल्या जिवंत, पैसेवाल्या स्टार लोकांना नाही म्हणायचा आणि यांना फुकटात, म्हणजे तबकडीत. हे एकदा लक्षात आलं की बाकी सगळा क्रंब कळतो.

स्टाइल त्यानं कुठून उचलली तर त्याच काळातल्या जाहिरातींतून. 1920 च्या दशकात शिकागो डिफेंडर या काळ्या वाचकांच्या वर्तमानपत्रात पॅरामाउंट कंपनी आपल्या नवीन तबकड्यांच्या जाहिराती द्यायची, त्यात गाण्याच्या गोष्टीवर कार्टूनसारखं चित्र असायचं. क्रंबनं तो धागा पकडला. त्यामुळे त्याचं कव्हर जुन्याची नक्कल वाटत नाही, त्याच काळी काढून राहून गेलेलं वाटतं.

‘हीरोज ऑफ द ब्लूज’ ही कार्डं म्हणजे काय?

आपण लहानपणी च्युइंगगमबरोबर क्रिकेटपटूंची कार्डं जमवायचो ना, तसंच. 1980 मधे याझूनं काढला, 36 कार्डांचा डबीतला सेट. प्रत्येक कार्डावर एक ब्लूजवाला किंवा बँड, मागे चार ओळी माहिती. चार्ली पॅटन, ब्लाइंड लेमन जेफरसन, स्किप जेम्स वगैरे. 1982 ला जॅझवाल्यांची 36, मग 1985 ला कंट्रीवाल्यांची 40. पुढे 2006 मधे तिन्ही मिळून पुस्तक आलं, बरोबर 21 गाण्यांची सीडी.

माझ्या मते त्याचं सगळ्यात उत्तम काम हेच. का सांगतो. पॅटनचा ओळखीचा फोटो एकच, जुनाट, डागाळलेला. क्रंब समोर तो फोटो ठेवून काढतो पण फोटोची कॉपी मारत नाही. कोटाची बाही बघा, मापाची नाही, कुणाकडून तरी आणलेली किंवा आखडलेली. टाय वाकडा. डोळे थेट आपल्याकडे, जरा घाबरलेले, कारण या माणसांचा आयुष्यात एखादाच फोटो निघाला असेल, स्टुडिओत नेऊन बसवलं असेल, हलू नको म्हणाले असतील. आपल्या घरी पणजोबांचा असा एखादा फोटो असतो, खुर्चीवर हात टेकून उभे, चेहऱ्यावर काही गुन्हा केल्यासारखा भाव, तोच. आणि मुख्य म्हणजे इथे क्रंब कुणाची टर उडवत नाही. आयुष्यभर ज्यानं सगळ्यांची, स्वतःची सुद्धा, टिंगल केली तो इथे गप्प बसून मान खाली घालून काढतोय.

‘कीप ऑन ट्रकिन’ त्याचंच ना? त्याचे तर करोडो आले असतील.

चित्र त्याचं, करोडो दुसऱ्यांचे. पहिल्या झॅपमधलं एक पान, मोठमोठे बूट पुढे टाकत ऐटीत चालणारी माणसं, शब्द उचललेले ब्लाइंड बॉय फुलरच्या 1936 च्या एका गाण्यातून. ते चित्र टीशर्ट, ट्रकच्या मागचे रबराचे पडदे, स्टिकर, सगळ्यावर आलं, कुणी विचारलं नाही, दिलं नाही. वकील लावला तर कोर्टात प्रश्न निघाला की चित्रावर कॉपीराइटची खूण कुठाय, तेव्हाच्या अमेरिकन कायद्यात ती खूण लागायची. एका न्यायाधीशानं तर चित्र सार्वजनिक मालकीचं ठरवलं, 1977 मधे वरच्या कोर्टात निकाल फिरला. तोवर इन्कम टॅक्सवाले वेगळेच मागे लागलेले. त्याला पुढे ते चित्र बघूनच शिसारी यायची.

एक गोल, एक सी, एवढंच लिहायचं राहिलं होतं.

तो स्वतः काही वाजवायचा का, की नुसताच ऐकायचा?

बँजो, मँडोलिन, युकुलेले. आणि बँजो म्हणजे आपल्या गणपतीच्या मिरवणुकीतला बँजो नव्हे हां, त्यावरून एकदा वर्गात प्रचंड गोंधळ झालेला, एकजण मला सांगत होता की सर आमच्या गल्लीत पण बँजो पार्टी आहे. आपला तो बुलबुल तरंग, बटणांचा. त्याचा तो गोल चामड्याचा, गिटारसारखा गळ्यात घ्यायचा.

1970 च्या दशकात त्याचा चीप सूट सेरेनेडर्स नावाचा बँड होता. पहिल्यांदा रेकॉर्ड काढली तीसुद्धा 78 आरपीएमवर, म्हणजे ज्या काळात ती वाजवायचं मशीन कुणाकडे नव्हतं त्या काळात, हट्टच. नंतर तीन एलपी निघाल्या, 1974 ते 1978. त्यातला टेरी झ्विगॉफ पुढे सिनेमावाला झाला आणि त्यानं 1994 ला ‘क्रंब’ ही डॉक्युमेंटरी केली. 1991 मधे क्रंब बायकोपोरीसकट फ्रान्सला, सोव्ह नावाच्या गावात राहायला गेला, घर कशात घेतलं तर सहा स्केचबुकांच्या बदल्यात, पुन्हा बलुतं. तिकडे ले प्रिमितिफ द्यु फ्युचुर या बँडबरोबर वाजवायचा, त्यांची कव्हरं काढायचा. वादक म्हणून कसा? बरा. मनापासून बरा.

कॉमिक्समधे पण म्युझिक आहे का?

भरपूर. दोन वाचाच. एक ‘पॅटन’, 1985 ला झॅपच्या अकराव्या अंकात आलं, चार्ली पॅटनचं चरित्र, बारा-पंधरा पानात माणसाचं आख्खं आयुष्य, शेतमजुरी, दारू, बायका, मारामाऱ्या, आणि मधे ते गाणं.

दुसरं ‘दॅट्स लाइफ’, 1975 चं. टॉमी ग्रेडी नावाचा एक काल्पनिक ब्लूज गायक. एक रेकॉर्ड करतो, मरतो, रेकॉर्ड खपत नाही, विसरली जाते. कित्येक वर्षांनी एक गोरा पोरगा दारोदार फिरत ती तबकडी मिळवतो आणि शेवटी काही गोरे संग्राहक खोलीत बसून ती ऐकतात, खूश होतात. झालं. ग्रेडीला काय मिळालं तर काही नाही. आणि तो दार वाजवणारा पोरगा कोण हे सांगायला नको, म्हणजे क्रंब इथे स्वतःच्याच छंदाच्या कानाखाली वाजवतोय.

आणि हार्वी पीकर. क्लीव्हलँडमधे हॉस्पिटलात फाइली लावणारा कारकून, जॅझच्या रेकॉर्डींचा वेडा. दोघांची ओळख रेकॉर्डींवरून झाली, पुढे पीकरनं काड्यांची माणसं काढून आपल्या रोजच्या जगण्याच्या गोष्टी दाखवल्या, क्रंब म्हणाला मी काढतो, आणि 1976 पासून ‘अमेरिकन स्प्लेंडर’ निघायला लागलं. रेकॉर्डींच्या अड्ड्यावर काय काय जमतं बघा.

सर, पण तो रेसिस्ट होता ना? मग का शिकवता?

हा प्रश्न गेल्या पाच-सहा वर्षांत वाढलाय, आणि बरोबर आहे विचारणं. चीप थ्रिल्सच्याच कव्हरवर समरटाइम गाण्याच्या चौकटीत एक काळी आया रडणाऱ्या गोऱ्या बाळाला घेऊन आहे, जाड ओठ, सगळं ते जुनं ओंगळ सोंग. त्याच्या कॉमिक्समधे याहून वाईट आहे, बायकांच्या बाबतीत तर विचारू नका. त्याचं म्हणणं, मी अमेरिकेच्या डोक्यातली घाण बाहेर काढून दाखवतोय. काही ठिकाणी मला हे पटतं, काही ठिकाणी वाटतं की नाही बाबा, तुला ते काढायला मजा येत होती. आणि त्याच हातानं पॅटनचं ते कार्ड काढलंय. मी दोन्ही शेजारी शेजारी ठेवून दाखवतो आणि पोरांना भांडू देतो. एकदा एक मुलगी उठून गेली, तिचंही चूक नव्हतं.

पेन कुठलं वापरायचा?

सुरुवातीला रॅपिडोग्राफ, म्हणजे आर्किटेक्ट लोकांचं शाईचं टेक्निकल पेन, सगळी रेष एकाच जाडीची. नंतर बोरूसारखं बुडवायचं निबचं पेन, त्यानं रेष जाड-बारीक होते. चुकलं की पांढरा करेक्शन फ्लुइड. सावली सगळी आडव्या-उभ्या रेघांनी भरायची, ज्याला तुम्ही क्रॉसहॅचिंग म्हणता. पण पेन विचारू नका राव, अक्षरं बघा. त्याच्या कव्हरवरचं नाव कधी फाँटमधलं नसतं, अक्षर आणि चित्र एकाच हाताचं. आपल्याकडे पुलंच्या पुस्तकांवर वसंत सरवट्यांची चित्रं असायची, ते कव्हर लांबून दिसलं तरी हसू यायचं, ती जातच वेगळी.

मला यातच करिअर करायचंय. जमेल का? पैसे मिळतात?

नुसतं यावर भागत नाही. माझं भागत नाही. मी शाळेच्या पुस्तकांची चित्रं करतो, लग्नाची कार्टूनवाली पत्रिका करतो (हिला प्रचंड मागणी आहे), त्यातून जे उरतं त्यावर बँडचं काम करतो. क्रंबसारखा माणूससुद्धा कव्हरांवर जगला नाही, कॉमिक्स आणि मूळ चित्रांच्या विक्रीवर जगला.

काम सुरू करण्याआधी सगळं लिहून घ्या, व्हॉट्सॅपवर का होईना. चित्र कशासाठी वापरणार, फक्त अल्बमला की टीशर्टला पण, किती वर्षं, मूळ कागद कुणाचा. आपल्या 1957 च्या कॉपीराइट कायद्यात हक्क दुसऱ्याला द्यायचे तर ते लेखीच लागतं, आणि मुदत लिहिलेली नसेल तर पाच वर्षं धरतात, प्रदेश लिहिलेला नसेल तर भारतापुरतं. शिवाय पैसे देऊन करून घेतलेल्या पेंटिंग-पोर्ट्रेटच्या बाबतीत, काही ठरलेलं नसेल तर हक्क करून घेणाऱ्याकडे जाऊ शकतो, म्हणून तर लिहायचं. मी नव्हतं लिहिलं. एका बँडला एका शोच्या पोस्टरसाठी चित्र दिलं, दोन हजार रुपयात, दोस्तीखात्यात, आणि वर्षभरानं एका फेस्टिवलला गेलो तर समोरून एक पोरगा माझं चित्र छातीवर घेऊन येतोय. विचारलं कितीला घेतला, म्हणे आठशे. छान छापलेलं होतं, तेच जास्त लागलं.

दुसरं, साइज. एलपी एक फूट होती, सीडी 12 सेंटिमीटर, आता तुम्ही फाइल देणार 3000 बाय 3000 पिक्सेलची आणि लोक ती बघणार फोनवर नखाएवढी. त्यामुळे चीप थ्रिल्ससारखं खचाखच भरलेलं आज चालत नाही असं सगळे सांगतात. मी उलट करतो, नखाएवढ्यात ओळखू येईल असा एक आकार मधे, आणि बाकी बारकावे जे मोठं करून बघतील त्यांच्यासाठी. बघतात हो काही जण.

तिसरं, गाणी ऐका. ज्या बँडचं काम घ्याल त्यांची. आवडली नाहीत तर क्रंब व्हा आणि नाही म्हणा, परवडत नसेल तर माझ्यासारखे व्हा आणि ॲडव्हान्स घ्या.

कुठून सुरू करू, काय बघू?

आधी कान. ब्लाइंड बॉय फुलर, मेम्फिस जग बँड, स्किप जेम्स, सगळं नेटवर फुकट सापडतं. मग ती डॉक्युमेंटरी, त्यात तो पलंगावर पडून रेकॉर्ड ऐकतो तो सीन आहे, तिथे म्हणतो की हे ऐकतानाच काय ते मला माणसांबद्दल प्रेम वाटतं. मग त्याच्या रेकॉर्ड कव्हरांचं आख्खं पुस्तक आहे, 2011 चं, महाग आहे, लायब्ररीला मागवायला लावा. आणि न्यूयॉर्कच्या ईस्ट रिव्हर स्ट्रिंग बँडवाल्या जॉन हेनेगनचा जुन्या गाण्यांचा पॉडकास्ट आहे, त्यात काही भागात क्रंब स्वतःच्या तबकड्या लावून गप्पा मारतो, त्या ऐकताना आपण कुणाच्या तरी माळ्यावर बसलोय असं वाटतं.

तुमच्याकडे ती ब्लूजची कार्डं आहेत ना? दोन दिवस बघायला द्याल?

नाही. एकदा दिली होती. 36 गेली, 35 परत आली, स्किप जेम्स नाहीये. ज्याच्याकडे असेल त्यानं लेटरबॉक्समधे टाकून जावं, बेल वाजवायची पण गरज नाही.